दहा सह्यांवर मिळालेली खासदारकी: वँड्सवर्थ सेंट्रल, जून १९४०

शनिवार, २२ जून १९४०. फ्रान्सच्या प्रतिनिधींनी काँप्येनच्या जंगलात, रेल्वेच्या डब्यात बसून, हिटलरच्या जर्मनीपुढे शस्त्रसंधीच्या कागदावर सही केली. त्याच दिवशी दक्षिण लंडनमधल्या वँड्सवर्थ सेंट्रल मतदारसंघाला नवा खासदार मिळाला. त्याचं नाव अर्नेस्ट बेव्हिन. मतपत्रिका छापल्या गेल्या नाहीत, मतदान केंद्रं उघडली नाहीत, मतमोजणीची रात्र झाली नाही. अर्ज भरायची मुदत संपली तेव्हा रिंगणात एकच नाव होतं, आणि कायद्याला तेवढं पुरेसं होतं.

युद्धकाळात ब्रिटनमध्ये अशा बिनविरोध पोटनिवडणुका अनेक झाल्या. त्यांतली हीच निवडायचं कारण असं की निवडून येण्याआधीच सहा आठवडे हा माणूस मंत्री होता, आणि मंत्रीही साधा नव्हता. देशातल्या कुठल्याही नागरिकाला कुठल्याही कामावर पाठवायचा अधिकार त्याच्या हाती आला होता. इतकी मोठी सत्ता ज्याच्याकडे, त्याला संसदेत आणणारं दार इतकं अरुंद कसं होतं, आणि त्यात मतदारांचं काय गेलं, हे नीट पाहण्यासारखं आहे.

आधी मंत्रिपद, मग मतदारसंघ

मे महिन्याच्या सुरुवातीला नॉर्वेच्या मोहिमेचा बोजवारा उडाला होता. त्यावरची चर्चा ७ आणि ८ मे असे दोन दिवस हाउस ऑफ कॉमन्समध्ये चालली. शेवटच्या मतदानात पंतप्रधान चेंबरलेन यांच्या सरकारच्या बाजूने २८१ आणि विरोधात २०० मतं पडली. आकड्यांनी सरकार जिंकलं, पण एरवी दोनशेहून अधिक असणारं बहुमत ८१ वर आलं होतं. स्वतःच्याच पक्षातली माणसं सोडून गेली हे उघड झालं. १० मे रोजी चर्चिल पंतप्रधान झाले आणि मजूर पक्षाला बरोबर घेऊन सर्वपक्षीय सरकार बनवायला लागले.

मजूरमंत्री म्हणून चर्चिलनी जे नाव निवडलं ते संसदेतलं नव्हतं. बेव्हिन तेव्हा ट्रान्सपोर्ट अँड जनरल वर्कर्स युनियनचे सरचिटणीस होते. १९२२ मध्ये गोदी कामगार, गाडीवान, ट्रामवाले अशा कितीतरी छोट्या संघटना एकत्र आणून ही युनियन उभी करण्यात त्यांचा सिंहाचा वाटा होता. खासदारकीसाठी त्यांनी आधी दोनदा प्रयत्न केला होता, १९१८ मध्ये ब्रिस्टल सेंट्रलमधून आणि १९३१ मध्ये गेट्सहेडमधून. दोन्ही वेळा हार पत्करावी लागली. गेट्सहेडचा पराभव तर चांगलाच मोठा होता. त्यानंतर संसदेचा नाद सोडून त्यांनी युनियनमध्येच जीव ओतला.

चर्चिल आणि बेव्हिन हे काही एका ताटात जेवणारे मित्र नव्हते. १९२६ च्या सार्वत्रिक संपात दोघं समोरासमोर उभे होते. तरीही चर्चिलनी त्यांनाच हाक मारली, कारण कारखान्यातल्या माणसाला ‘जास्त तास काम कर, रजा सोड, दुसऱ्या गावी जा’ असं सांगायचं तर ते सांगणाऱ्याची कामगारांत पत हवी. ती पत बेव्हिन यांनी कशी कमावली, याचा एकच प्रसंग सांगतो.

१९२० मध्ये गोदी कामगारांच्या मजुरीसाठी लॉर्ड शॉ यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी बसली. मालकांच्या बाजूने अर्थशास्त्राच्या एका प्राध्यापकाने कामगाराच्या कुटुंबाला जगायला किती अन्न पुरतं याचा हिशेब मांडला. बेव्हिन बाजारात गेले, त्या हिशेबात बसेल तेवढंच अन्न विकत घेतलं, शिजवलं, आणि ताटल्यांत वाढून चौकशी समितीपुढे ठेवलं. ताटल्यांतले ते इवलेसे तुकडे सगळ्यांनी पाहिले. दिवसभर गहू भरलेली पोती पाठीवर वाहणाऱ्या माणसाला एवढं पुरेल का, हा त्यांचा प्रश्न होता. चौकशीने दिवसाला १६ शिलिंग किमान मजुरीची शिफारस केली. अकराव्या वर्षापासून शेतावर राबलेला आणि पुढे ब्रिस्टलमध्ये मालाची घोडागाडी हाकलेला हा पोरका मुलगा तेव्हापासून गोदी कामगारांचा वकील म्हणून ओळखला जाऊ लागला.

सहा आठवड्यांची पोकळी

मंत्र्याने खासदार असलंच पाहिजे असा लेखी कायदा ब्रिटनमध्ये नाही. पण संकेत पक्का आहे: मंत्री दोनपैकी एका सभागृहात हवा, नसेल तर लवकर यायला हवा, कारण सभागृहात उभं राहून उत्तर द्यायचं ते सदस्यानेच. बेव्हिन बाहेर होते तोवर खात्याची बाजू सभागृहात मांडायला होते संसदीय सचिव राल्फ अशेटन, आणि ते हुजूर पक्षाचे. म्हणजे कामगार चळवळीचा सर्वांत वजनदार नेता आपल्याच खात्याबद्दल कॉमन्समध्ये अक्षर बोलू शकत नव्हता, आणि त्याच्या वतीने बोलत होता विरोधी विचारांचा माणूस.

ही पोकळी शांततेच्या दिवसांत चालून गेली असती. पण २२ मे रोजी, एकाच दिवसात, संसदेने आणीबाणी अधिकारांचा नवा कायदा मंजूर केला. नागरिकांची सेवा आणि मालमत्ता, दोन्ही सरकारच्या हाती आल्या. त्याखाली काढलेल्या ५८-अ या नियमाने मजूरमंत्र्याला अधिकार मिळाला की देशातल्या कुठल्याही व्यक्तीला त्याने सांगितलेलं काम करायला लावावं. ज्या सभागृहाने हा अधिकार दिला त्या सभागृहाचा तो मंत्री सदस्यच नव्हता. या प्रकरणातली मला सर्वांत अस्वस्थ करणारी गोष्ट हीच आहे. फ्रान्समधल्या डंकर्कच्या किनाऱ्यावरून ब्रिटिश फौजेची माघार तोंडावर होती, घाई समजण्यासारखी होती. तरीही ज्याला जाब विचारायचा तो माणूस जाब विचारण्याच्या जागी नाही, ही अवस्था लोकशाहीत एक आठवडाही चालू देऊ नये अशीच आहे.

बेव्हिन यांना याची जाण होती असं त्यांच्या वागण्यावरून वाटतं. अधिकार हाती येताच त्यांनी आधी कामगार संघटनांच्या कार्यकारिणींना वेस्टमिन्स्टरच्या सेंट्रल हॉलमध्ये, २५ मे रोजी, बोलावलं आणि आपली योजना त्यांच्यापुढे ठेवून पाठिंबा मागितला. मतपेटीतून नाही, पण ज्यांच्यावर हे अधिकार चालवायचे होते त्यांच्या प्रतिनिधींकडून त्यांनी एक प्रकारची संमती मिळवली. माझ्या मते त्या काळात बेव्हिन यांच्या शब्दाला जे वजन होतं ते या सभेतून आलं. वँड्सवर्थची खासदारकी नंतर आली, ती कायदेशीर गरज भागवण्यासाठी.

जागा कशी रिकामी झाली

वँड्सवर्थ सेंट्रल हा काही मजूर पक्षाचा बालेकिल्ला नव्हता. १९२४ मध्ये हुजूर पक्षाचे सर हेन्री जॅक्सन जिंकले. १९२९ मध्ये जागा मजूर पक्षाकडे गेली, १९३१ मध्ये जॅक्सन परत आले आणि १९३५ मध्येही टिकले. १९३७ मध्ये त्यांच्या निधनामुळे पोटनिवडणूक लागली आणि ती मजूर पक्षाच्या हॅरी नेथन यांनी जिंकली, तीही पाचशेहून कमी मतांच्या फरकाने. म्हणजे इथला मतदार कुणाच्या खिशात नव्हता. तो दर खेपेला मनाचा कौल देत आला होता.

नेथन व्यवसायाने वकील. पहिल्या महायुद्धात गॅलिपोलीला लढलेले. १९२९ मध्ये उदारमतवादी पक्षातर्फे बेथनल ग्रीनमधून निवडून आले आणि १९३४ मध्ये मजूर पक्षात गेले. जून १९४० मध्ये त्यांना उमरावपद देण्यात आलं, ते लॉर्ड झाले, आणि कॉमन्समधली त्यांची जागा बेव्हिन यांच्यासाठी मोकळी झाली. ब्रिटनमध्ये खासदाराला साधा राजीनामा देता येत नाही, कुठल्यातरी वाटेने अपात्र व्हावं लागतं, आणि उमरावपद ही त्यांतली सर्वांत सन्मानाची वाट. नेथन यांचं नुकसान झालं असंही नाही. युद्धानंतर ते मजूर पक्षाच्या अ‍ॅटली सरकारात नागरी विमान वाहतूक मंत्री झाले.

असा मोबदला देऊन जागा मोकळी करवून घेणं त्या वर्षी नवीन नव्हतं. बीबीसीचे माजी प्रमुख जॉन रीथ आणि उद्योगपती अँड्र्यू डंकन हे दोघे जानेवारी १९४० मध्ये बाहेरून मंत्री झाले आणि फेब्रुवारीत अनुक्रमे साउदॅम्प्टन आणि सिटी ऑफ लंडनमधून बिनविरोध आले. नोव्हेंबरमध्ये ऑलिव्हर लिटलटन ऑल्डरशॉटमधून तसेच आले. पण सिटी ऑफ लंडन किंवा ऑल्डरशॉट ही हुजूर पक्षाची पिढीजात ठाणी होती. तिथे मतदान झालं असतं तरी निकाल ठरलेला होता. वँड्सवर्थचं तसं नव्हतं, आणि म्हणून तिथल्या मतदाराने गमावलेली संधी खरी होती.

तिघांचा समझोता

हुजूर पक्षाने अवघ्या तीन वर्षांपूर्वी निसटत्या फरकाने गमावलेली जागा परत मिळवायचा प्रयत्न का केला नाही? सप्टेंबर १९३९ मध्ये, युद्ध पुकारल्यावर काही दिवसांतच, हुजूर, मजूर आणि उदारमतवादी या तिन्ही पक्षांच्या मुख्य प्रतोदांनी एक करार केला. त्याचा गाभा असा: युद्ध चालू असेपर्यंत एखादी जागा रिकामी झाली तर ती ज्या पक्षाकडे होती त्याच पक्षाने उमेदवार द्यावा, बाकी दोघांनी देऊ नये. तिघांपैकी कुणीही सूचना देऊन बाहेर पडू शकत होतं. हा कायदा नव्हता. संसदेने तो मंजूर केला नव्हता, मतदारांना कुणी विचारलं नव्हतं. तीन माणसांच्या सह्यांचा कागद होता, आणि त्याने देशभरच्या पोटनिवडणुकांचा निकाल जवळजवळ आधीच ठरवून टाकला.

त्यामागची कारणं पोकळ मात्र नव्हती. मतदार यादी १९३९ मध्येच गोठवली गेली होती. माणसं फौजेत गेली होती, मुलं आणि आया गावाकडे हलवल्या होत्या, कामगार एका शहरातून दुसऱ्या शहरात जात होते. नव्याने २१ वर्षांचे झालेले यादीत येत नव्हते. रात्री काळोख पाळायचा, सभा घ्यायच्या कुठे आणि प्रचारपत्रकांना कागद आणायचा कुठून, हे प्रश्न होते. आणि एकाच मंत्रिमंडळात बसणाऱ्या पक्षांनी रस्त्यावर एकमेकांवर चिखलफेक करायची, हे कुणाच्याच पचनी पडलं नसतं. सार्वत्रिक निवडणूकही अशीच लांबली. नोव्हेंबर १९३५ मध्ये निवडलेल्या संसदेची मुदत पाच वर्षांची, पण दरवर्षी नवा कायदा करून ती वाढवत नेली गेली.

समझोता फक्त या तीन पक्षांना बांधत होता, हे विसरून चालणार नाही. चौथ्या कुणालाही उभं राहायला मोकळीक होती आणि लोक उभे राहतही होते. वँड्सवर्थला लागूनच असलेल्या बॅटर्सी नॉर्थमध्ये एप्रिल १९४० मध्येच पोटनिवडणूक झाली, तिथे मजूर पक्षाच्या उमेदवाराविरुद्ध युद्धविरोधी उमेदवार उतरला आणि सपाटून हरला. (याच बॅटर्सी नॉर्थमधून मुंबईत जन्मलेले, जमशेटजी टाटांचे भाचे, कम्युनिस्ट शापुरजी सकलातवाला १९२० च्या दशकात दोनदा निवडून आले होते. त्या भागातला मतदार किती मोकळ्या मनाचा होता, याचा हा दाखला.) मिडल्टन अँड प्रेस्टविचमध्ये तर २२ मे रोजी, म्हणजे आणीबाणी कायदा झाला त्याच दिवशी, मोस्लेच्या फॅसिस्ट पक्षाचा उमेदवार उभा होता. त्याला ४१८ मतं पडली, समोरच्याला ३२ हजारांहून अधिक. मतदान घेता येतच नव्हतं असं नव्हे, हे यातून दिसतं. आणि घेतल्यावर मतदाराने आपलं म्हणणं स्वच्छ सांगितलं, हेही दिसतं.

जूनमध्ये मात्र हवा पालटली होती. मोस्ले आणि त्याचे साथीदार २३ मेपासून स्थानबद्ध होते. कम्युनिस्ट अजून या युद्धाला साम्राज्यवाद्यांचं युद्ध म्हणत होते, पण वँड्सवर्थमध्ये त्यांच्यातर्फेही कुणी आलं नाही. डंकर्क नुकतंच होऊन गेलं होतं, १४ जूनला पॅरिस पडलं होतं, आणि शत्रू इंग्लिश खाडी ओलांडून कधी येईल याची चर्चा घराघरांत होती. त्या पंधरवड्यात ज्या माणसाने विमानं आणि तोफा बनवायला हात पुरवायचे होते त्याच्याविरुद्ध उभं राहणं म्हणजे स्वतःच्या हाताने नाव खराब करून घेणं होतं.

अर्जाच्या दिवशी

प्रक्रिया अगदी साधी. उमेदवारी अर्जावर त्याच मतदारसंघातला एक सूचक, एक अनुमोदक आणि आणखी आठ मतदारांची संमती, अशा दहा सह्या लागत. १५० पौंड अनामत भरायची, जी निवडून आलेल्याला परत मिळते. मुदत संपल्यावर निवडणूक निर्णय अधिकाऱ्याने वैध अर्ज मोजायचे. एकच असेल तर तिथल्या तिथे त्याला विजयी घोषित करून मोकळं व्हायचं. हजारो मतदारांच्या वतीने दहा जणांची सही, एवढाच बेव्हिन यांच्या खासदारकीचा स्थानिक आधार होता.

मला यात कुणी कुणाला फसवलं असं वाटत नाही. नियम जुना होता, सर्वांना माहीत होता, आणि कुणीही अकरावा माणूस दुसरा अर्ज घेऊन येऊ शकत होता. पण जो हक्क वापरायची वेळच येऊ दिली नाही, तो लोकांनी आपणहून सोडला असं म्हणणं मला मान्य नाही. १९३७ मध्ये वँड्सवर्थमध्ये जवळजवळ निम्म्या लोकांनी मजूर पक्षाला नाकारलं होतं. त्या लोकांना १९४० मध्ये बेव्हिन हवे होते का? बहुधा हवेच होते. पण ते त्यांच्या तोंडून ऐकायला मिळायला हवं होतं. एका दिवसाचं मतदान युद्ध हरवणारं नव्हतं, आणि बेव्हिन यांनी ते सहज जिंकलं असतं. मग पुढच्या पाच वर्षांत कठोर हुकूम सोडताना त्यांच्या पाठीशी मोजलेली मतं असती.

हुकूम कठोर होतेच. जुलै १९४० मध्ये आदेश क्रमांक १३०५ निघाला. त्याने संप आणि टाळेबंदी दोन्हींवर बंदी घातली आणि वाद लवादाकडे नेणं सक्तीचं केलं. मार्च १९४१ मध्ये अत्यावश्यक कामांचा आदेश आला. कामगाराने परवानगीशिवाय नोकरी सोडायची नाही, पण मालकानेही मनाला येईल तेव्हा काढायचं नाही. डिसेंबर १९४१ मध्ये वीस ते तीस वयाच्या अविवाहित स्त्रियांना सक्तीच्या सेवेत घेणारा कायदा झाला. डिसेंबर १९४३ पासून खाणींत माणसं कमी पडू लागली म्हणून सैन्यभरतीला आलेल्या तरुणांतून चिठ्ठ्या टाकून काहींना कोळशाच्या खाणीत धाडलं जाऊ लागलं. टोपीतून आकडा काढायचा, आणि ज्याच्या नोंदणी क्रमांकाचा शेवटचा आकडा तो, त्याने बंदुकीऐवजी फावडं उचलायचं. चिठ्ठीने आलेले आणि स्वखुशीने आलेले मिळून सुमारे ४८ हजार तरुण असे खाणीत उतरले.

बेव्हिन यांनी सक्तीबरोबर दुसरी बाजूही सांभाळली, हे त्यांच्या पदरात टाकलंच पाहिजे. कारखान्यात उपाहारगृह, डॉक्टर, कामगार कल्याण अधिकारी हे सगळं त्यांनी मालकांच्या गळी उतरवलं. ताटल्या घेऊन चौकशीपुढे उभा राहिलेला माणूस मंत्री झाल्यावरही ताटात काय आहे हे विसरला नाही. त्यांच्याच नावाच्या योजनेतून १९४१ पासून हिंदुस्थानातले तरुण कारागीर यंत्रकाम शिकायला ब्रिटनच्या कारखान्यांत गेले.

हिंदुस्थानात त्याच काळात मतदाराची काय गत होती, हेही इथे नोंदवायला हवं, कारण राज्य तेच होतं. मुंबई प्रांतात १९३७ मध्ये निवडून आलेल्या बाळासाहेब खेरांच्या मंत्रिमंडळाने, न विचारता देशाला युद्धात ओढल्याच्या निषेधार्थ, नोव्हेंबर १९३९ मध्ये राजीनामा दिला आणि कारभार गव्हर्नरच्या हाती गेला. दिल्लीची मध्यवर्ती विधानसभा १९३४ मध्ये निवडलेली, ती १९४५ पर्यंत तशीच पुढे ढकलली गेली. वँड्सवर्थच्या मतदाराने एक पोटनिवडणूक गमावली. इथल्या लोकांना युद्ध हवं की नको हेच कुणी विचारलं नाही.

तडे आणि १९४५

समझोत्याला तडे १९४२ मध्ये गेले. मार्चमध्ये ग्रँथम, एप्रिलमध्ये रग्बी आणि वॉलसी अशा तीन जागा सरकारी उमेदवारांकडून अपक्षांनी हिसकावल्या. सिंगापूर पडलं होतं, लोक चिडले होते, आणि प्रतोदांच्या कागदावर त्यांची सही नव्हती. त्याच वर्षी सर रिचर्ड अ‍ॅकलंड यांनी कॉमन वेल्थ हा पक्ष काढला, तो हुजूर पक्षाच्या रिकाम्या जागांवर उमेदवार देऊ लागला आणि १९४३ मध्ये एडिसबरी, १९४४ मध्ये स्किप्टन, १९४५ मध्ये चेम्सफर्ड अशा जागा जिंकत गेला. मतदाराला संधी मिळाली की तो युद्ध जिंकायला पाठिंबा देऊनही सरकारला चपराक देऊ शकतो, हे यातून लख्ख दिसलं. मोठे पक्ष जिला घाबरत होते ती फूट पडली नाही. म्हणूनच मला वाटतं की जून १९४० मध्ये समझोता समर्थनीय होता, पण तो पाच वर्षं रेटणं ही पक्षांची सोय होती, देशाची गरज नव्हे.

मे १९४५ मध्ये जर्मनी शरण आला, सर्वपक्षीय सरकार मोडलं, आणि ५ जुलैला मतदान झालं. परदेशी असलेल्या सैनिकांच्या मतपत्रिका यायच्या होत्या म्हणून मोजणी २६ जुलैला झाली. वँड्सवर्थ सेंट्रलच्या मतदाराला बेव्हिन यांचं नाव मतपत्रिकेवर पहिल्यांदाच दिसलं. समोर हुजूर पक्षातर्फे ब्रिगेडियर जॉन स्मिथ उभे होते. ते व्हिक्टोरिया क्रॉसचे मानकरी आणि ब्रह्मदेशात सितांगच्या पुलावर १७ व्या हिंदी डिव्हिजनचे सेनापती होते. तगडा उमेदवार, खरी लढत, आणि बेव्हिन ती जिंकले. दुसऱ्याच दिवशी, २७ जुलैला, अ‍ॅटलींनी त्यांना परराष्ट्रमंत्री नेमलं, आणि या खेपेला ते मंत्री होण्याआधी निवडून आलेले होते.